विजेच्या खांबाचा ताण कापायला सांगणाऱ्या मेसेजला उत्तर

शेतात विजेचा खांब किंवा डीपी (ट्रान्सफॉर्मर) असेल तर 'विद्युत कायदा 2003, कलम 57' नुसार महिना दोन ते पाच हजार भाडं मिळतं, हा मेसेज गेली कित्येक वर्षं फिरतोय. आता त्याला शेपूट फुटलंय: वाट अडवणारा खांब किंवा ताण (खांबाला जमिनीशी तिरपी ओढून धरणारी तार) शेतकऱ्याने स्वतःच काढावा, नाहीतर कोर्टातून लगेच स्टे आणावा. माझ्या मामांच्या गाडीवाटेत असाच एक ताण ठोकलाय. बैलगाडी कशीबशी निघते, सोयाबीनची ट्रॉली अडते. मेसेज वाचून मामा ताण कापायला निघाले होते!

लाइन वळते किंवा संपते तिथे तारांची ओढ एकाच बाजूला असते, म्हणून ताण देतात. तो कापला की खांब कलणार आणि चालू तारा खाली येणार. खाली कोण असतं? आपलीच माणसं, आपलीच जनावरं. शिवाय त्याच कायद्याच्या कलम 139 आणि 140 खाली दहा हजारांपर्यंत दंड होऊ शकतो. तो भरायला मेसेज लिहिणारा येणार नाही.

आणि कापायची गरजच काय? केंद्राचे 'वर्क्स ऑफ लायसेन्सीज रूल्स, 2006', म्हणजे वीज कंपन्यांच्या कामांचे नियम, आहेत. त्यातला नियम 3 वाचा. खासगी जमिनीवरच्या कामाला मालकाने हरकत घेतली तर वीज कंपनीला जिल्हा दंडाधिकारी (म्हणजे जिल्हाधिकारीच), पोलीस आयुक्त किंवा त्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी घ्यावी लागते. काम होऊन गेलं तरी मालकाने सबळ कारण दाखवलं, तर हेच अधिकारी ते हलवायचा किंवा बदलायचा लेखी आदेश देऊ शकतात. त्या नियमात ताणाचा उल्लेख नाव घेऊन आहे. ट्रॉली शेतात जात नाही, याहून सबळ कारण कोणतं?

भाड्याच्या गोष्टीत थोडं तथ्य आहे, हे नाइलाजाने मान्य करतो. आदेश देताना अधिकारी भरपाई किंवा वार्षिक भाडं ठरवू शकतात, असं याच नियमात आहे. पण प्रत्येक खांबाला दरमहा ठरलेलं भाडं वगैरे काही नाही. कलम 57 तर वीजसेवेच्या दर्जाबद्दल आहे, जमिनीच्या भाड्याशी त्याचा संबंध नाही.

स्टेचं म्हणाल तर 2018 च्या दुरुस्तीनंतर विशिष्ट अनुतोष कायद्याखाली (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट) पायाभूत प्रकल्प रखडेल असा मनाई हुकूम मिळणं अवघड झालंय, आणि त्या यादीत वीज वितरणही आहे. विद्युत कायद्याच्या कलम 164 चे (टेलिग्राफ खात्यासारखे) अधिकार मिळालेल्या कंपनीच्या मोठ्या टॉवर लाइनींना तर नियम 3 आडवा येत नाही. तिथे मालकाची संमती लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने पॉवर ग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्सटाइल्स खटल्यात म्हटलंय. भरपाई मात्र तिथेही द्यावी लागते.

मामांचा अर्ज तयार आहे. सातबारा, गाव नकाशा आणि अडलेल्या ट्रॉलीचा फोटो जोडलाय. मागणी एकच: ताण काढून खांबाला आतल्या, म्हणजे तारांच्या ओढीच्या बाजूने तिरपा आधार द्यावा. एक प्रत कंपनीच्या उपविभागाला, एक जिल्हाधिकारी कार्यालयात. दोन्हीकडे पोच घ्यायची.