जालना आणि बीडची सरासरी परभणी?

कॉलेजांत सर्वेक्षणाचे प्रकल्प सुरू झाले की एक मेसेज हमखास फिरतो: "पर्यायांना १, २, ३ कोड द्या आणि एक्सेलमध्ये सरासरी काढा. क्रम असो-नसो, सरासरी चालते. बहुलक (सर्वांत जास्त वेळा आलेला पर्याय) फक्त शाळेपुरता."

"कोड दिला की आकडा झाला." कसा होईल? जालन्याच्या गाडीवर एमएच २१, बीडच्या गाडीवर एमएच २३. सरासरी २२, म्हणजे परभणी. आवारात परभणीची एकही गाडी नसली तरी! मराठवाड्याच्या आठही जिल्ह्यांची (सात जिल्ह्यांचे २० ते २६ आणि हिंगोलीचा ३८) काढलीत तर २४.८७५. हिंगोलीला ३८ मिळाला, कारण तो जिल्हा १९९९ मध्ये परभणीतून वेगळा झाला. त्यात मोजण्यासारखं काही नाही. पिकांचंही तसंच. सोयाबीन १, कापूस २, तूर ३ हा क्रम उद्या बदला, सरासरी बदलेल. सर्वाधिक शेतकऱ्यांचं पीक मात्र तेच राहील. इथे बहुलकच हवा.

"क्रम असेल तर सरासरी चालतेच." हा मुद्दा जरा चिवट आहे. समजा २५ शेतकऱ्यांना जमीन कशी ते विचारलं: हलकी १०, मध्यम ८, भारी ७. कोड १, २, ३ दिले तर सरासरी १.८८. पण मध्यम ते भारी हे अंतर हलकी ते मध्यम एवढंच, हे कुणी ठरवलं? भारीला ५ द्या, क्रम तोच राहतो, सरासरी २.४४ होते. मध्यक, म्हणजे ओळीत मधोमध येणारा, जागचा हलत नाही: ओळीने उभे केले तर तेरावा शेतकरी मध्यम जमिनीचाच. बहुलक इथे 'हलकी' सांगतो, तोही खोटा नाही. त्याचा प्रश्न वेगळा: सर्वाधिक कोणते? मानसशास्त्रज्ञ एस. एस. स्टीव्हन्स यांनी मोजपट्ट्यांचे चार प्रकार (नुसती नावं, क्रम, समान अंतरं, गुणोत्तर) १९४६ मध्ये मांडले, तेव्हापासून क्रमाच्या कोडची सरासरी काढावी का, यावर वाद आहे. समाधानाच्या पाच-सहा प्रश्नांची बेरीज करून सरासरी घेणारे जाणकारही आहेत. पण ते अंतरं समान मानतात आणि तसं लिहितात.

होय १, नाही ० असं असेल तर सरासरी खुशाल काढा. ४० पैकी २६ 'होय' म्हणजे ०.६५. हे सरळ ६५ टक्के प्रमाणच झालं.

राहिला बहुलक. तो शाळेपुरता नाही, पण त्याच्यावर डोळे मिटून विसंबूही नये. समजा ४० घरांचं पाणी असं: नळ १३, बोअर १२, विहीर ८, टँकर ७. बहुलक नळ. बोअर आणि विहीर एका रकान्यात टाका, २० घरांसह आता हा नवा रकाना बहुलक. गाव तेच, पाणी तेच, फक्त फॉर्म बदलला. म्हणून नुसतं 'नळ' लिहून थांबू नका, चारही रकाने टक्क्यांसह द्या. आणि वर महिना टाका. जानेवारीत सात घरं असलेला टँकरचा रकाना मे महिन्यात केवढा होतो, हे लातूरकडच्या माणसाला वेगळं सांगायला नको.