पारव्यांच्या तावडीतला फुटबॉल

कोल्हापुरात स्वतःची वस्तू स्वतः वापरायला कुणाला विचारावं लागत नाही, हा माझा जुना समज. प्लेस्टेशन टू आमचं. फुटबॉलच्या गेमची डिस्क आमची, तीही ओरिजिनल. मेमरी कार्ड आमचं. लॅपटॉपचे हप्ते फिटलेले. आता या सगळ्यांना एकमेकांशी बोलतं करून एक मॅच खेळायची, त्यात अवघड ते काय? असं ज्याला वाटतं त्यानं सातबाऱ्यावरचं आजोबांचं नाव कमी करून आपलं चढवायला एकदा जाऊन बघावं. जमीन तुमची, कसता तुम्ही, बांधावरचा आंबा तुमच्या बापानं लावलेला. पण कागद विचारतो, आपण कोण? इम्युलेटर, म्हणजे जुन्या यंत्राचं सोंग लॅपटॉपवर आणणारा प्रोग्राम, तोही नेमकं हेच विचारतो.

मुळात इम्युलेटरच्या वाटेला जायची वेळ आली ती प्लेस्टेशनची लेन्स वयोमानानं गेली म्हणून. डिस्क घातली की पडद्यावर लाल धुकं पसरतं आणि प्लेस्टेशनची डिस्क घाला, अशी सूचना येते. घातलीय की बाबा! राजारामपुरीतल्या एका दुरुस्तीवाल्यानं झाकण उघडलं, आत फुंकर मारली आणि झाकण लावलं. "लेन्स गेली भावा. आता न्हाई मिळत. शोकेसमधी ठेव." 2000 साली जपानात निघालेलं यंत्र, 2013 साली बनायचं बंद झालेलं. त्याचं काही खोटं नव्हतं.

पण माझा जीव यंत्रात नव्हता, मेमरी कार्डात होता. आठ एमबीचं ते काळं कार्ड. शाळेत असताना एका मे महिन्यात आम्ही सगळ्या चुलतभावांनी मिळून त्या गेमच्या एडिट मोडमध्ये बसून युरोपातल्या क्लबांची नावं पुसली आणि पेठांतल्या तालमींची नावं घातली होती. जर्सीचे रंग जुळवले. खेळाडूंना गल्लीतल्या पोरांची नावं दिली, केस कमी-जास्त केले, एकाला तर त्याच्या आईच्या आग्रहाखातर चांगली उंची दिली. बाहेरच्या माणसाला यातलं गांभीर्य कळणार नाही. शाहू स्टेडियमवर तालमींची मॅच असली की इथं पेठेच्या पेठा ओस पडतात आणि हरलेल्या बाजूच्या घरी रात्री जेवणाला चव नसते. अशा गावात कुठल्या तालमीच्या खेळाडूंना आम्ही सगळ्यात कमी मार्क दिले होते, ते इथं लिहीत नाही. मला याच गावात राहायचंय.

भाच्यानं लगेच लॅपटॉप उघडला. प्लेस्टेशन टूसाठी पीसीएसएक्स टू नावाचा इम्युलेटर आहे, फुकट आहे, आणि जगभरची हौशी मंडळी 2002 पासून तो घडवत आलीत. उतरवून घ्यायला चहा होईपर्यंतचा वेळ लागला. मी मनात म्हटलं, झालं की! तेवढ्यात त्यानं बायोस मागितला.

बायोस म्हणजे प्लेस्टेशन सुरू होताना सगळ्यात आधी जागा होणारा प्रोग्राम. चार एमबीची फाईल. ती इम्युलेटरसोबत येत नाही, कारण तिचा कॉपीराइट कंपनीचा. ती तुमच्याच मशीनमधून तुम्हीच काढून आणायची.

"मामा, कशाला ताप? डाउनलोड मार की," भाचा म्हणाला. "बायोस पण मिळतोय, गेम पण मिळतोय. पाच मिनिटांत खेळू."

आता माझी गोम अशी, की आमच्या घरात गेमच्या डिस्का ढीगभर होत्या, पण चिप बसवलेल्या मित्राच्या मशीनवर चालणाऱ्या, प्लास्टिकच्या पिशवीतल्या. ओरिजिनल ही एकच. आत्यानं मुंबईहून आणलेली, खोक्यासकट, पुस्तिकेसकट. आयुष्यात एक गोष्ट सरळ मार्गानं घरात आली होती, तिलाही चोरवाटेनं न्यायचं जिवावर आलं. मी वकीलकाकांना फोन लावला.

कोल्हापूरला हायकोर्टाचं बेंच व्हावं म्हणून काका वर्षानुवर्षं घोषणा देत आले. 2025 च्या ऑगस्टात सर्किट बेंच सुरू झालं आणि काकांना भांडायला विषयच उरला नाही. त्यामुळे माझा फोन त्यांनी पहिल्या रिंगला उचलला.

"1957 चा कॉपीराइट कायदा, कलम 52, पोटकलम एक, खंड एए," काका कडाडले. "ज्याच्याकडं प्रोग्रामची प्रत कायदेशीररीत्या हाय, त्यानं ती हरवू-नासू नये म्हणून बॅकअप काढला तर उल्लंघन न्हाई. आपली डिस्क हाय नव्हं? मग बिनघोर काढ. दुसऱ्याची उतरवून घेतलीस तर मात्र माझ्याकडं यायचं न्हाई. आलास तर फी घेणार." मग त्यांनी अमेरिकेतला सोनी विरुद्ध कनेक्टिक्स हा 2000 सालचा निकाल सुरू केला. त्यात इम्युलेटर बनवणारे जिंकले होते, एवढं ऐकून मी रेंज गेल्याचं सांगितलं.

म्हणजे बायोस स्वतः काढणं आलं. प्लेस्टेशनला डिस्क दिसत नाही, तर त्याच्याकडून काम करवून घ्यायचं कसं? यावर लोकांनी तोड काढली आहे. फ्री एमसी बूट नावाचा प्रोग्राम भरलेलं मेमरी कार्ड लावलं की मशीन डिस्कशिवाय, त्या कार्डावरूनच सुरू होतं. अगदी शेवटच्या मॉडेलांवर ही युक्ती चालत नाही. आमचं त्याआधीचं निघालं. कार्ड मागवलं, आलं, आणि तेव्हा लक्षात आलं की भिंतीवरच्या नव्या टीव्हीला पिवळ्या-लाल-पांढऱ्या पिनांची भोकंच नाहीत.

तसली भोकं असलेला टीव्ही गल्लीत एकच, मंडळाच्या खोलीत. गणपतीच्या मागच्या वर्षीच्या कमानीला टेकलेला, वर ढोलाची पानं. मी प्लेस्टेशन टॉवेलात गुंडाळून तिथं गेलो. कॅरम थांबला. काळ्या पडद्यावर इंग्रजी अक्षरांच्या ओळी सरकायला लागल्या तशी पोरं जवळ आली.

"काय दादा, एटीएम फोडालायस काय?"

"गप रे. बायोस काढालोय."

"कुणाचा?"

पेनड्राइव्ह लागेना. मशीनच्या यूएसबीचा जमाना 1.1 चा आणि त्याला पेनड्राइव्हवर फायली मांडायच्या फॅट थर्टीटू या जुन्या पद्धतीपलीकडचं काही वाचता येत नाही. माझा नवाकोरा पेनड्राइव्ह त्यानं ओळखलाच नाही. मंडळाच्या आरत्यांचा जुना पेनड्राइव्ह मात्र तत्काळ ओळखला. अशा रीतीनं माझा बायोस सुखकर्ता दुःखहर्ताच्या शेजारी जाऊन बसला. त्याच बैठकीत आमच्या जुन्या कार्डातला सेव्ह, म्हणजे तालमींच्या नावांचा जतन केलेला सगळा खेळ, पीएसयू नावाच्या फाईलमध्ये गुंडाळून घेतला. पोरांनी टाळ्या वाजवल्या. कशासाठी ते त्यांनाही माहीत नव्हतं.

आता राहिली डिस्क. खोकं कपाटात होतं. पुस्तिका होती. खोक्यात डिस्क नव्हती.

आमच्या मागच्या गॅलरीत पारव्यांचा उच्छाद. कपिलतीर्थ मंडईत भाजी घेताना आईला कुणीतरी सांगितलं, चमकणाऱ्या वस्तूला पारवी भितात. त्या दिवशी घरातल्या जुन्या डीव्हीड्यांना नायलॉनचा दोरा लागला. ग्रिलला ओळीनं सत्यनारायणाची कथा, ताईचं लग्न भाग एक, ताईचं लग्न भाग दोन, घरबसल्या टायपिंग शिका, आणि त्यांच्या मधोमध वाऱ्यावर गिरक्या घेत आमचा फुटबॉल. उन्हानं लेबलवरचा खेळाडू निळा पडला होता. दोऱ्याची गाठ मधल्या भोकात इतकी करकचून बसलेली, की कात्रीचं टोक आत घालावं लागलं. ग्रिलवर आपटून आपटून खालच्या बाजूला नखाएवढे चंद्रकोरीसारखे ओरखडे. आणि लेबलच्या वरच्या कडेला पारव्यानं आपलं मत नोंदवून ठेवलेलं.

"आई, ढीगभर पिशवीतल्या डिस्का सोडून हीच बरी सापडली तुला!"

"त्या मळकट दिसत हुत्या. ही लखलखत हुती," आई म्हणाली. "आणि काढालायस खरं, तिच्या जागी काय लावणार? आज काढली की उद्या अंडी घालत्यात."

पिशवीतल्या सगळ्या डिस्का मी आईच्या हवाली केल्या. आयुष्यात पहिल्यांदाच त्या कायदेशीर कामाला लागल्या.

लॅपटॉपला हल्ली डीव्हीडी घालायला तोंडच नसतं. आमच्या पेठेतली निम्मी लग्नं ज्यांच्या कॅमेऱ्यात आहेत त्या फोटोस्टुडिओवाल्या दादांनी टेबलाच्या खणातून यूएसबीचा ड्राइव्ह काढून दिला आणि वर टूथपेस्ट घासायचा सल्ला दिला. शेजारच्या पानपट्टीवाल्यानं खोबरेल सांगितलं. मी मऊ फडकं घेऊन मधून कडेकडे सरळ पुसत गेलो. गोल गोल पुसायचं नसतं. डिस्कवरची माहिती चक्राकार लिहिलेली असते, फडक्याचा ओरखडा त्याच दिशेनं उठला तर सलग मोठा तुकडा जातो. बरं, लेबलच्या बाजूचं पारव्याचं मत तितकं जिवावरचं नव्हतं. सीडीत माहितीचा थर लेबलच्या लगेच खाली असतो, डीव्हीडीत तो दोन चकत्यांच्या मधोमध सुरक्षित. निळ्या बुडाची सीडी असती तर तिथंच खेळ आटोपला असता. ही चंदेरी होती.

प्लेस्टेशन टूच्या डीव्हीडीची प्रत साध्या ड्राइव्हवर निघते, त्यात विशेष काही नाही. पण आमची एक्काहत्तर टक्क्यांवर अडली. ड्राइव्ह आत गुरगुरतोय, दादा ग्राहकाला पासपोर्ट फोटोसाठी हनुवटी खाली घ्यायला सांगताहेत, आणि मी एक्काहत्तरकडे बघत बसलोय. फोटो निघाला, कापला, पाकिटात गेला. एक्काहत्तर. डिस्क काढून पुसायची, वेग कमी करायचा, परत पहिल्यापासून. शेवटी दादांनी ड्राइव्ह सपाट टेबलावरून उचलून गादीच्या खुर्चीवर ठेवला आणि फाईल पुरी झाली. यामागचं शास्त्र विचारू नका, दादांनाही विचारू नका. ते आता सगळ्यांना तेच सांगतात.

घरी येऊन गेम सुरू केला. भाच्यानं रिझोल्यूशन सहापट केलं. लॅपटॉप मांडीवरून उचलून फरशीवर ठेवावा लागला. पडद्यावरचे खेळाडू पाण्यातून पळाल्यासारखे पळू लागले आणि कॉमेंट्री करणारा इंग्रज एकेक शब्द लांबवत बोलू लागला.

आबांनी पेपर खाली घेतला. "ह्यो प्यालेला हाय काय?"

मला खरं तर यात आश्चर्य वाटलं. त्या यंत्राचा मुख्य प्रोसेसर 295 मेगाहर्ट्झच्या आसपासचा, मेमरी 32 एमबी. आजच्या लॅपटॉपला त्याची धाप का लागावी? तर त्या काळ्या डब्यात एकच प्रोसेसर नव्हता. मुख्य एक, त्याच्या दिमतीला दोन व्हेक्टर युनिट, चित्रं काढायला वेगळा, आणि कंट्रोलर-डिस्क सांभाळायला आणखी एक, जो पहिल्या प्लेस्टेशनमध्ये मुख्य होता. हे सगळे एकाच वेळी, एकमेकांची वेळ पाळून काम करायचे. इम्युलेटरला ही सगळी सोंगं एकट्यानं आणायची आणि प्रत्येक आज्ञा लॅपटॉपला कळेल अशी करून द्यायची. रिझोल्यूशन दुप्पटीवर आणलं, चित्रं काढायला व्हल्कन नावाची पद्धत निवडली, तसा इंग्रज शुद्धीवर आला. भाचा तरीही कोपऱ्यातला आकडा दाखवत राहिला: "मामा, पन्नासच फ्रेम यायलेत, साठ पाहिजेत." नकोत. आपली डिस्क आपल्याकडच्या टीव्हीच्या पाल पद्धतीची, ती सेकंदाला पन्नासच दाखवते, जपान-अमेरिकेतली साठ. वेग शंभर टक्के होता. ही एक लढाई मी बसल्या जागी जिंकलो.

कंट्रोलरचं लिहीत नाही. अडॅप्टरनं चौकोनाला वर्तुळ आणि वर्तुळाला त्रिकोण समजून घेतलं होतं, ते समजावलं. सेव्हची पीएसयू फाईल मायएमसी नावाच्या छोट्या प्रोग्राममधून इम्युलेटरच्या खोट्या मेमरी कार्डात भरली. तीही निमूटपणे गेली, डिस्क आणि सेव्ह दोन्ही एकाच पद्धतीचे होते म्हणून.

लीग उघडली. तालमींची नावं एकाखाली एक. एक चुलतभाऊ आधीच येऊन बसला होता, दुसरा व्हिडिओ कॉलवर. वकीलकाका तर न बोलवता आले, निकालाची प्रिंट घेऊन. बायको दारातूनच म्हणाली, "मी पण खेळतो हां एक मॅच. पण जिंकणारी टीम मला."

मी आबांच्या तालमीवर कर्सर नेला. आबा तरुणपणी तिथं राइट बॅक होते. ते चष्मा पुसून पुढं सरकले. पडद्यावर गोलकीपरचे मार्क आले.

"हे कुणी केलं?"

आम्ही सगळ्या चुलतभावांनी जमिनीकडं पाहिलं.

"आमच्या गोलीला हात हायत का न्हाईत? आँ? एकोणतीस? शंभरात?" आबांनी कंट्रोलर काढून घेतला. "पयला त्यो तक्ता उघड. नव्वद कर. मग बघू मॅचचं."

"आबा, तुमचा नव्वद झाला तर आमचा स्ट्रायकर पंच्याण्णव," कॉलवरचा भाऊ दुसऱ्या पेठेतून ओरडला. काकांनी मध्ये हात घालून सांगितलं, की दोन्ही पक्षांची लेखी संमती असल्याशिवाय एकाही मार्काला हात लावता येणार नाही, आणि मसुदा ते स्वतः करतील. फी घेणार नाहीत.

आईनं सगळ्यांना चहा केला. इम्युलेटर शंभर टक्के वेगानं चालू आहे, फ्रेम पन्नास आहेत, आवाज स्वच्छ येतो. मार्कांची बोलणी अजून सुरू आहेत. मॅच काही सुरू झालेली नाही.