फोटो नेमका कुणासाठी?

'दुर्घटनेचे, मृतांचे फोटो काढूच नयेत' हे मला पटत नाही. मे २०२० मध्ये सायन हॉस्पिटलमधला तो व्हिडिओ बाहेर आला नसता, तर पेशंटच्या शेजारच्या खाटांवर मृतदेह ठेवलेत हे पालिकेने आपणहून सांगितलं असतं का? चौकशी लागली, डीनना हटवलं. आणि मृतदेह गुंडाळलेले होते, चेहरे दिसतच नव्हते. तरी काही कळायचं राहिलं नाही.

आता एल्फिन्स्टन रोड स्टेशन आठवा. २९ सप्टेंबर २०१७, पुलाच्या जिन्यावर चेंगराचेंगरी, २३ जणांचा जीव गेला. परळच्या केईएम हॉस्पिटलमध्ये मृतांच्या कपाळावर नंबर लिहून त्यांचे फोटो लावले. केवढा गहजब झाला! मला मात्र त्या फोटोंचा राग आला नाही. शवागारात एकेक चादर वर करत आपलं माणूस शोधण्यापेक्षा ते बरं. (नंबर कपाळावर कशाला, मनगटाला चिठ्ठी बांधता आली असती, ते वेगळं.) ज्यांनी बघायचे, ते नातेवाईक तिथेच उभे होते. चीड आली ती तेच फोटो मोबाइलवर पुढे ढकलणाऱ्यांची. परळच्या शवागारातल्या अनोळखी बाईचा चेहरा बघून डोंबिवलीत बसलेल्या मला काय करायचं होतं?

गरजेच्या फोटोचीही किंमत कुणाला तरी मोजावी लागते. २००२ च्या गुजरात दंगलीत हात जोडून उभा असलेला तो शिंपी, कुतुबुद्दीन अन्सारी, आठवतोय ना? तो फोटो यायलाच हवा होता. पण पुढे त्या बिचाऱ्याला जाईल तिथे लोक ओळखायचे, कामं गेली, गाव सोडावं लागलं. पक्षांनी मात्र त्याला न विचारता पोस्टरवर छापला.

आपल्या मुंबईत तर चेहरा झाकला जाणार की नाही हे पत्त्यावर ठरतं. टॉवरमध्ये कुणी वारलं तर वॉचमन गेटवरच कॅमेरे अडवतो. (नटनट्या सोडा, त्यांना स्मशानातही सुटका नाही.) फुटपाथवर गेलेल्याला कसला वॉचमन?

वर्तमानपत्रात निदान पहिल्या पानावर काय जावं यावरून संपादकाशी भांडण तरी होतं. सोसायटीच्या ग्रुपवर कोण भांडणार? परवा रुळांवरचा एक फोटो आला. मी म्हटलं, काढून टाका. उत्तर आलं, 'काका, लोक सावध व्हावेत म्हणून टाकलाय.'

अरे, मग 'रूळ ओलांडू नका' या पाटीचा टाक की!