वाकलेला शिक्का

जपानमध्ये सहीचे काम ‘हान्को’ नावाचा शिक्का करतो. तोक्योतल्या कचेरीत रुजू होताना मीही एक कोरून घेतला. पण त्या भाषेत ‘ल’ नसल्यामुळे बोटाच्या पेराएवढ्या वर्तुळात कुलकर्णींचे ‘कुरुकारुनी’ झाले.

गणपतीसाठी पाच दिवसांच्या रजेचा अर्ज केला. एप्रिल २०१९पासून वर्षाला किमान पाच दिवस रजा देणे कायद्यानेच मालकावर बंधनकारक केले आहे, तरीही रजा मागणाऱ्याने दिलगीर दिसावे अशी अपेक्षा असते. अर्जावर ओळीने चार चौकटी होत्या : सर्वांत डावीकडे विभागप्रमुखांची आणि सर्वांत उजवीकडे माझी. मी लाल शाई लावून, श्वास रोखून, ओळंब्यात धरल्यासारखा सरळ शिक्का उमटवला. शेजारच्या ज्येष्ठ सहकाऱ्यांनी तो पाहून दातांतून हवा आत ओढली.

“कुरुकारुनी-सान, हे जरा…” एवढेच ते म्हणाले. तिकडे वाक्य इथेच संपते. उरलेले आपण समजून घ्यायचे.

मग त्यांनी जुने अर्ज दाखवले. प्रत्येक शिक्का डावीकडे, म्हणजे साहेबांच्या चौकटीकडे कललेला होता. पद जितके खालचे, तितका कल जास्त. याला ‘ओजिगी हान्को’, म्हणजे नमस्कार करणारा शिक्का, म्हणतात. हा नियम कुठेही लिहिलेला नाही, त्यामुळे तो मोडण्याचीही सोय नाही.

‘मोडेन पण वाकणार नाही’ हा सुविचार शाळेच्या फळ्यावर वळणदार अक्षरात लिहिणाऱ्या मी निमूटपणे नवा अर्ज घेतला. पहिल्या प्रयत्नात शिक्क्याने थेट साष्टांग दंडवत घातला, दुसऱ्यात तो गटप्रमुखांइतकाच वाकल्यामुळे उद्धट ठरला, आणि तिसरा कसाबसा जमला तेव्हा माझी बोटे गुलाल उधळून आल्यासारखी दिसत होती.

२०२०मध्ये तारो कोनो या मंत्र्यांनी सरकारी कागदांवरचे शिक्के हद्दपार करण्याचा चंग बांधला, तेव्हा मला हायसे वाटले. यथावकाश आमच्याकडेही कागद जाऊन संगणकावरचा शिक्का आला. पहिल्याच अर्जावर मी आनंदाने टिचकी मारली, तर शिक्क्याशेजारी एक छोटी चौकट उघडली : किती अंश कलवायचा?

मी ज्येष्ठ सहकाऱ्यांकडे पाहिले. त्यांनी दातांतून हवा आत ओढली.