प्रतिरूप म्हणजे ओढाताण नव्हे : फिरत्या मेसेजमधल्या पाच मुद्द्यांना उत्तर

ईस्टरआधीचा उपवासकाळ सुरू झाला की सोलापुरातल्या आमच्या ख्रिस्ती मंडळ्यांच्या (चर्चच्या) व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर वल्हांडणाचा (इजिप्तच्या गुलामीतून सुटल्याच्या सणाचा) कोकरा, पितळेचा साप, योना आणि मासा यांच्यावरचे संदेश फिरायला लागतात. यंदा त्यांच्या पाठोपाठ एक वेगळाच मेसेज आला आणि तरुण पोरांनी तो भराभर पुढे ढकलला. जुन्या करारात, म्हणजे बायबलमधल्या येशूआधीच्या, यहुद्यांच्या ग्रंथांत, येशू शोधणाऱ्यांसाठी त्यात पाच मुद्दे आहेत. थोडक्यात असे : प्रतिरूपाची ही पद्धत मंडळीच्या पुढाऱ्यांनी येशूनंतर कित्येक पिढ्यांनी रचली; ती निव्वळ रूपकबाजी आहे, तिच्यात कशाचाही संबंध कशाशीही लावता येतो; प्रतिरूप म्हटलं की मूळ घटनेला स्वतःचा अर्थ उरत नाही; लिहिणाऱ्या संदेष्ट्यांच्या मनात येशू नव्हताच, तेव्हा हे सगळं मागाहून चिकटवलेलं; आणि हा सारा खटाटोप यहुद्यांचा ग्रंथ बळकावण्यासाठी झाला.

काही ग्रुपांवर ‘हे सैतानाचं काम आहे, डिलीट करा’ एवढंच उत्तर दिलं गेलं. तेवढ्यानं भागत नाही. मेसेज लिहिणारा वाचणारा माणूस दिसतो. त्याच्या पाचव्या मुद्द्यात तथ्य आहे, दुसऱ्यात अर्धंमुर्धं आहे. पोरं प्रामाणिकपणे विचारत असतील तर त्यांना शास्त्र (बायबल) उघडून उत्तर मिळालं पाहिजे.

ज्यांना हा शब्द नवा आहे त्यांच्यासाठी : आदाम, इस्राएल लोकांची मिसरातून, म्हणजे इजिप्तमधून, झालेली सुटका, महायाजक अशा जुन्या करारातल्या व्यक्ती, घटना किंवा विधींमध्ये देवाच्या कामाची जी घडण दिसते, तीच पुढे ख्रिस्तात अधिक पूर्णपणे उमटली, अशा नजरेनं वाचणं म्हणजे प्रतिरूप पाहणं.

आता पहिला मुद्दा. ही पद्धत मंडळीनं नंतर रचली म्हणतात. प्रेषित पौलानं करिंथच्या मंडळीला पहिलं पत्र लिहिलं ते इ.स. ५५ च्या आसपास, म्हणजे चारही शुभवर्तमानं लिहिली जाण्याआधी, असं बहुतेक अभ्यासक मानतात. त्याच्या पाचव्या अध्यायात ख्रिस्ताला आपला वल्हांडणाचा कोकरा म्हटलंय. दहाव्या अध्यायात मिसरातून सुटल्यावरच्या प्रवासातले समुद्र, ढग, मान्ना (रानात मिळालेलं अन्न) आणि खडक यांची सांगड मंडळीच्या जीवनाशी घातली आहे. त्यानंतर थोड्याच काळानं लिहिलेल्या रोमकरांच्या पत्रात (५:१४) आदामाला येणाऱ्याचं प्रतिरूप म्हटलंय. कित्येक पिढ्या कुठं गेल्या? पौल येशूच्याच पिढीतला माणूस.

पण खरं उत्तर याच्याही मागे जातं. ही सवय पौलानं लावलेली नाही, ती त्याला जुन्या करारातूनच मिळाली. यार्देन ओलांडल्यावर यहोशवा लोकांना सांगतो, तांबडा समुद्र जसा आटवला तशीच ही नदी परमेश्वरानं आटवली (यहोशवा ४:२३). यिर्मया म्हणतो, असे दिवस येतील की ‘मिसरातून बाहेर काढणारा परमेश्वर’ अशी शपथ कोणी वाहणार नाही, ‘उत्तरेकडच्या देशातून आणणारा’ अशी वाहतील (१६:१४-१५). दावीद मरून कित्येक शतकं लोटल्यावर यहेज्केल सांगतो की देव आपल्या मेंढरांवर दावीद हाच मेंढपाळ नेमील (३४:२३). तो जुना दावीद थडग्यातून उठून येणार असं त्याला म्हणायचं नाही, हे वाचणाऱ्याला न सांगताच कळतं.

हा मेसेज आमच्या अभ्यासवर्गात आला तेव्हा आम्ही निर्गम १२ आणि यशया ५२ ही दोन पानं शेजारी-शेजारी ठेवली. वर्ग पूर्व भागातल्या एका घरी भरतो, त्यामुळे निम्म्यांच्या हातात मराठी शास्त्र, निम्म्यांच्या हातात तेलुगू. निर्गमात वल्हांडणाच्या रात्रीचा हुकूम आहे : कंबर कसा, पायात जोडे घाला, हातात काठी घ्या आणि घाईघाईनं खा. संदेष्टा यशया बाबेलच्या बंदिवासातून निघणाऱ्यांना सांगतो : तुम्ही घाईनं निघणार नाही, पळत जाणार नाही, परमेश्वर तुमच्या पुढं चालेल आणि तोच तुमची पिछाडी सांभाळील. तेलुगू शास्त्रावर बोट ठेवून बसलेल्या एक मावशी मेसेज आणणाऱ्या मुलाला म्हणाल्या, ‘‘बाळा, हे तर मुद्दाम उलटं लिहिलंय की! तिथं घाई कर, इथं घाई नको.’’

मावशींनी नेमकं धरलं. यशयाला पहिली सुटका पाठ आहे, ऐकणाऱ्यांनाही पाठ आहे, आणि येणारी सुटका तिच्यासारखीच पण तिच्याहून मोठी असेल हे तो त्या एका फरकातून सांगतो. त्रेचाळीसाव्या अध्यायात तर तो समुद्रातल्या वाटेची, बुडालेल्या रथांची आणि घोड्यांची आठवण काढतो आणि लगेच म्हणतो, जुनं आठवत बसू नका, मी नवं करतो आहे. साम्य आणि चढती पायरी, प्रतिरूपाची ही दोन्ही अंगं इथं आहेत. येशूच्या जन्माला तेव्हा कित्येक शतकं अवकाश होता.

दुसरा मुद्दा, रूपकबाजीचा. इथं मेसेजवाल्यानं उदाहरण दिलंय ते आपल्याच व्यासपीठावरचं. निवासमंडपाच्या (रानातल्या उपासनेच्या तंबूच्या) पितळी मेखा अर्ध्या जमिनीत, अर्ध्या वर, म्हणून त्या ख्रिस्ताचं मरण आणि पुनरुत्थान! असा संदेश ऐकलेला नाही असा माणूस आपल्या मंडळीत क्वचितच सापडेल. याला मराठीत बादरायण संबंध म्हणतात, आणि तो लावणाऱ्या पाळकांनी शास्त्राचं भलं केलेलं नाही. दर रविवारी काहीतरी नवं सांगायचा मोह असतो, लोक ‘आमेन’ही म्हणतात, आणि मग शाळाकॉलेजात शिकलेलं पोर सगळंच टाकून देतं. मला याचा मनापासून त्रास होतो.

हा रोग जुना आहे. बर्णबाच्या नावावर असलेलं एक प्राचीन पत्र आहे, ते नव्या करारात नाही. अब्राहामाच्या तीनशे अठरा माणसांचा आकडा घेऊन ते म्हणतं की ग्रीक अंकलेखनात अठरा म्हणजे येशूच्या नावाची पहिली दोन अक्षरं आणि तीनशे म्हणजे ‘ताउ’ हे क्रुसाच्या आकाराचं अक्षर. आता उत्पत्ती लिहिली गेली इब्रीत. त्या कथेत ग्रीक अंक आले कुठून? लिहिणाऱ्यानं आपल्या हातातलं भाषांतर कथेवर लादलं.

आता याच्या शेजारी पितळेचा साप ठेवा. गणना २१ मध्ये लोक वाटेत कंटाळतात, देवाविरुद्ध आणि मोशेविरुद्ध बोलतात, साप चावतात, माणसं मरतात. मग पाप कबूल करतात, मोशे विनंती करतो, आणि देव सांगतो : साप करून खांबावर लाव, दंश झालेल्यानं त्याच्याकडे पाहिलं तर तो जगेल. योहान ३:१४ मध्ये येशू यातलं काय उचलतो? उंच केलं जाणं, पाहणं म्हणजे विश्वास ठेवणं, आणि जीवन. कथेचा कणा तेवढाच आहे आणि त्यानं तेवढाच घेतला. पितळ का, खांब किती हात उंच, सापाला वेटोळी किती, यातलं काही नाही. पुढं २ राजे १८:४ मध्ये हिज्कीया राजा तो साप फोडून टाकतो, कारण लोक त्याच्यापुढं धूप जाळू लागले होते. म्हणजे जोर वस्तूवर कधीच नव्हता, देवानं त्या दिवशी काय केलं यावर होता. वस्तूच्या बारकाव्यांत अर्थ खोदणाऱ्यांनी हे वचन संदेश तयार करताना उघडून ठेवावं.

तेव्हा कशालाही काहीही जोडता येतं हे खरं नाही. तपासायला कसोट्या आहेत. साम्य घटनेच्या गाभ्यात आहे की सजावटीत? दोन्हीकडे देव त्याच प्रकारचं काम करतो आहे का? शास्त्रानं स्वतः तो धागा कुठं पुढं नेला आहे का? मेखा पहिल्याच कसोटीत पडतात. योसेफाचं उदाहरण अवघड आहे. नवा करार त्याला कुठंही प्रतिरूप म्हणत नाही, पण प्रेषितांची कृत्ये ७ मधल्या स्तेफनाच्या भाषणात भावांनी विकलेला योसेफ आणि आपल्यांनीच झिडकारलेला मोशे यांची ओळ लागते आणि ती थेट येशूपर्यंत जाते. तिथं मी ‘प्रतिरूप आहे’ असं ठासून सांगणार नाही, पण वाचताना ती ओळ नजरेआड करणंही मला जमणार नाही.

रूपक आणि प्रतिरूप यांच्यामध्ये भिंत आहे, असा दावा मात्र कोणी करू नये. गलतीकरांच्या चौथ्या अध्यायात पौल स्वतःच हागार आणि सारा यांची गोष्ट रूपकानं सांगतो. पण फरक आहे आणि तो मंडळीनं ओळखला होता. शास्त्र इतिहासाला धरून वाचणाऱ्या अंत्युखियाच्या परंपरेतला मोप्सुएस्तियाचा थिओडोर, इ.स. ४२८ मध्ये वारलेला, याच कारणानं रूपककारांवर तुटून पडला होता की ते इतिहासच पुसून टाकतात. मेसेजमधला आक्षेप सोळाशे वर्षांपूर्वी मंडळीच्या आतूनच घेतला गेला होता.

तिसऱ्या मुद्द्याला मी सोलापूरच्या भाषेत उत्तर देईन. आपल्याकडे कित्येक मोर्चे चार हुतात्म्यांच्या पुतळ्यांना हार घालून निघतात आणि बोलणारा इंग्रजांच्या १९३० च्या लष्करी कायद्याची आठवण काढतो. त्यानं ‘हा लढा त्याच लढ्याचा पुढचा भाग आहे’ म्हटलं म्हणून १९३० खोटं ठरतं का? उलट १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात ती चार माणसं खरोखर फासावर गेली म्हणूनच त्या वाक्याला वजन येतं. प्रतिरूपाचंही तसंच आहे. मिसरातले गुलाम खरोखर सुटले नसतील तर त्या सुटकेवरून पुढच्या सुटकेविषयी काय सांगणार? एरिख आउअरबाख हा जर्मन यहुदी साहित्याभ्यासक, नाझींनी मारबुर्गच्या विद्यापीठातून काढल्यावर इस्तंबूलला गेलेला. त्यानं १९३८ मध्ये नेमकं हेच मांडलं : या वाचनात दोन्ही टोकं काळात घडलेली, खरी असतात, पहिलं स्वतःपुरतंही असतं आणि दुसऱ्याकडे बोटही दाखवतं. तो काही ख्रिस्ती धर्माची वकिली करत नव्हता.

चौथा मुद्दा. संदेष्ट्यांच्या मनात येशू नव्हता. नसेल. प्रतिरूप हे भाकीत नव्हेच, त्यामुळे त्याला त्याची गरज पडत नाही. मेसेजमध्ये मत्तय २:१५ वर हल्ला आहे : ‘मी आपल्या पुत्राला मिसरातून बोलावले’ हे होशेयाचं वाक्य इस्राएलाच्या भूतकाळाविषयी आहे, शुभवर्तमान लिहिणाऱ्या मत्तयानं ते बाळ येशूवर लावलं. होशेय ११ चं पहिलं वचन भूतकाळाविषयी आहे, कबूल. पण अकरावं वचनही वाचा. लोक मिसरातून पाखरांसारखे, अश्शूरातून पारव्यांसारखे येतील असं तिथं आहे. होशेय त्याच अध्यायात नव्या सुटकेची वाट पाहतो आहे. मत्तयानं एक ओळ उचलली ती सगळा अध्याय ध्यानात ठेवून. पुढं तो काय दाखवतो? पाण्यातला बाप्तिस्मा, मग रानातले चाळीस दिवस, आणि सैतानाला दिलेली तिन्ही उत्तरं ‘अनुवाद’ या जुन्या करारातल्या पुस्तकाच्या सहाव्या आणि आठव्या अध्यायातली, म्हणजे मोशेनं रानातल्या चाळीस वर्षांची आठवण करून देताना उच्चारलेली. इस्राएल ज्या वाटेवर पडला त्याच वाटेवरून पुत्र चालतो आणि पडत नाही.

घटना जुळवण्यासाठी बनवल्या असतील, अशी शंका मेसेजच्या शेवटी हळूच सोडली आहे. बनवणाऱ्यानं याहून नीट जुळवलं असतं. योना माशाच्या पोटात तीन दिवस आणि तीन रात्री होता, तसाच मी भूमीच्या पोटात असेन असं येशू म्हणतो. आता मोजून बघा : शुक्रवारची संध्याकाळ ते रविवारची पहाट, दोनच रात्री भरतात. शुभवर्तमान लिहिणाऱ्यांनी तो हिशेब तसाच राहू दिला. यावरून पुनरुत्थान सिद्ध होतं असं मी म्हणत नाही. पण कथा साच्यात ठोकून बसवल्याची खूण इथं दिसत नाही.

पाचवा मुद्दा सगळ्यात जड आहे आणि त्यातली दुखरी बाजू झाकून मला पुढं जायचं नाही. दुसऱ्या शतकात सार्दीसच्या मंडळीचा अध्यक्ष (बिशप) मेलितो वल्हांडणावर प्रवचन करतो. खरं काम उभं राहिलं की आधीचा नमुना निकामी होतो, असं तो म्हणतो, आणि त्याच प्रवचनात इस्राएलवर देवाला मारल्याचा आरोप करतो. या आरोपाखाली पुढं शतकानुशतकं यहुद्यांना छळलं गेलं. येशूच्या मरणाचा दोष सरसकट सगळ्या यहुद्यांवर टाकता येत नाही, असं रोमन कॅथलिक मंडळीच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनं स्पष्ट म्हणायला १९६५ उजाडलं. हे पाप मंडळीचं आहे आणि ते संडे स्कूलच्या पोरांनाही सांगितलं पाहिजे.

पण नमुना निकामी झाला हे मेलितोचं म्हणणं, ते प्रतिरूपातून आपोआप निघत नाही. यशयाची दुसरी सुटका आली म्हणून पहिली रद्द झाली नाही. यहुदी घरांत वल्हांडण आजही पाळला जातो. येशूनं शेवटचं भोजन घेतलं ते त्याच सणात, यहुदी म्हणून. आणि ज्या पौलानं आदामाला प्रतिरूप म्हटलं त्यानंच त्याच पत्राच्या अकराव्या अध्यायात परराष्ट्रीय विश्वासणाऱ्यांना, म्हणजे तुम्हाआम्हाला, बजावलंय : तू कलम केलेली रानटी फांदी आहेस, फुशारकी मारू नकोस, तू मुळाला धरून ठेवत नाहीस, मूळ तुला धरून ठेवतं. मेलितोची चूक दाखवायला बाहेरचा मेसेज लागत नाही, रोमकरांस पत्र पुरतं.

आमच्या वर्गात वल्हांडणाचा पाठ येतो तेव्हा निर्गम १२ एक्कावन्नाव्या वचनापर्यंत अख्खा वाचला जातो : मिसरातलं घर, दाराच्या चौकटीवरचं रक्त, बेखमीर भाकरी, मुलांनी विचारायचा प्रश्न आणि बापानं द्यायचं उत्तर. करिंथकरांस पत्र त्यानंतर उघडतो. मेसेज आणणारा मुलगा पुढच्या वेळी हा पाठ घेणार आहे आणि पाचही मुद्दे पुन्हा काढणार आहे, असं त्यानं आधीच सांगून ठेवलंय.