पार्लरमधल्या बाईचं प्रेम

ब्राझीलच्या मालिकांत पार्लर दिसलं की मी हातातलं काम टाकून बघत बसते. पण तिथे राबणारीला श्रीमंताच्या प्रेमात पाडायचं आणि लग्न ठरलं की तिचं पार्लरच कथेतून गायब करायचं, हे मला मुळीच पटत नाही. प्रेमात पडली म्हणून तिचे हात रिकामे का करायचे?

साओ पाउलोत दोन वर्षं राहत होते तेव्हा दर पंधरा दिवसांनी नखं करायला जायचे. तिथे नेलपॉलिश मुद्दाम नखाबाहेर, कातडीवरही लावतात. मग काडीच्या टोकाला कापूस गुंडाळून, तो रिमूव्हरमध्ये बुडवून, कड रेघेसारखी साफ करत आणतात. इतका वेळ कुणी आपला हात हातात धरून बसलं की मनातलं ओठावर येतंच. १२ जून हा तिथला प्रेमिकांचा दिवस, लग्नं जुळवणाऱ्या संत अँथनीच्या सणाची पूर्वसंध्या. त्या आठवड्यात खुर्ची मिळायची मारामार! माझी नखं करणारी सगळ्यांचं ऐकून घ्यायची. स्वतःचं क्वचित सांगायची, तेही काडी थांबवून, अगदी हळू.

म्हणून मला 'अव्हेनिदा ब्राझील'मधली मोनालिझा जवळची वाटते. २०१२ची टीव्ही ग्लोबोची मालिका, रिओचं दिविनो नावाचं काल्पनिक उपनगर. फुटबॉलपटू तुफाँवशी ठरलेलं तिचं लग्न खलनायिका कार्मिन्याच्या कारस्थानाने मोडतं, आणि ही बाई पार्लरच्या जोरावर उभी राहते. तिचं प्रेम आणि तिचा धंदा मला वेगळे काढताच येत नाहीत.

आणि अडचणीच हव्या असतील तर खऱ्या दाखवा ना. २०१६च्या कायद्याने तिथे पार्लरमालक कारागिराशी भागीदारीचा करार करू शकतो. मग महिन्याचा पगार नाही, केलेल्या कामातला ठरलेला वाटा तेवढा मिळतो. गिऱ्हाईक नाही त्या आठवड्यात हातात काय? अशा बाईने कुणाला 'हो' म्हणायचं तर आधी किती हिशेब करावे लागत असतील! त्यात पुरेपूर प्रेमकथा आहे, बंगलेवाला आणायची गरजच नाही.

माझ्या त्या नखंवालीचा मित्र बस चालवायचा. शनिवारी दुकान बंद व्हायच्या वेळेला यायचा, बाकावर बसून वाळलेल्या टॉवेलांच्या घड्या घालायचा. ती शेवटच्या गिऱ्हाइकाची कड साफ करत असायची. वर न बघता म्हणायची, "निळे वेगळे ठेव."