कॅसावेटिस यांचे लेखन दुर्लक्षित राहू नये

अमेरिकी दिग्दर्शक जॉन कॅसावेटिस यांच्या चित्रपटांची ताकद केवळ अभिनेत्यांच्या उत्स्फूर्ततेत आहे, हे त्यांच्यावरील लेखातील प्रतिपादन मला पटत नाही. ‘शॅडोज’ या त्यांच्या पहिल्या चित्रपटाच्या शेवटी, तो उत्स्फूर्त अभिनयातून घडल्याची पाटी येते हे खरे, परंतु १९५८ मध्ये दाखवलेल्या पहिल्या आवृत्तीने समाधान न झाल्यामुळे त्यांनी बराचसा भाग लिहून काढून नव्याने चित्रित केला, हे विसरून चालणार नाही. ‘अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स’ (१९७४) तर त्यांनी पत्नी जीना रोलंड्स यांच्यासाठी आधी नाटक म्हणून योजले होते. त्यातला जेवणाचा प्रसंग पाहावा: रात्रपाळीहून आलेल्या कामगारांना मेबल (रोलंड्स) स्पॅगेटी वाढते, कौतुकाने एकेकाची विचारपूस करते, आणि तिचा उत्साह वाढत गेल्यावर नवरा एकाएकी तिच्यावर खेकसतो नि सगळे टेबल अवघडून गप्प होते. इतकी अचूक चढण कसबी लेखकालाच साधते. याच चित्रपटासाठी त्यांनी घर गहाण टाकले, नवऱ्याची भूमिका करणारे पीटर फॉक यांनी पदरचे पैसे घातले, आणि वितरक मिळेना तेव्हा कॅसावेटिस यांनी स्वतःच चित्रपटगृहांशी बोलणी केली. लेखात या वितरणाबद्दलही यायला हवे होते.